नाहूरहून वाळवलेले बोंबील

कृष्णाबाईच्या उजव्या गुडघ्यात डॉक्टरांनी नवा सांधा बसवला आणि तिला बजावलं, तीन महिने जिना चढायचा नाही, ओल्यात पाय टाकायचा नाही, जड उचलायचं नाही. कृष्णाबाईने सगळं नीट ऐकून घेतलं आणि विचारलं, "मग करायचं काय? नुसतं म्हातारं व्हायचं?"

डॉक्टर हसले. तिचा मुलगा परेश काही हसला नाही, कारण आईला आता ठेवायचं कुठे हा घोर त्याला होता. कृष्णाबाईचं घर अंधेरीला, वेसाव्याच्या कोळीवाड्यात. खाली एक खोली, वर जायला लोखंडी जिना, तोही शिडीसारखा उभा. दाराबाहेर पाऊल टाकलं की मासळीचं पाणी. तिथे तो नवा सांधा चार दिवस टिकला नसता. परेशचा फ्लॅट नाहूरला, पाचव्या मजल्यावर, लिफ्टवाला. म्हणजे समुद्र या टोकाला आणि मुलगा त्या टोकाला. तर कृष्णाबाई टॅक्सीत पाय लांब करून, मांडीवर पिशवी घट्ट धरून नाहूरला आली. सून भाविका हिला वाटलं पिशवीत औषधं असतील. उघडली तर सुके बोंबील.

"आई, इथे बिल्डिंगमध्ये वास..."

"येऊ दे की. त्यांच्या धुपाच्या वासाला मी काय बोलले का?"

आता ही कृष्णाबाई कोण, ते सांगायला हवं.

कोळीवाड्याच्या मागे, किनाऱ्याला लागून, बायकांच्या मंडळाचं मासळी सुकवायचं मैदान आहे. बांबूचे उंच खांब आणि त्यांच्यामध्ये ओळीने ताणलेल्या दोऱ्या. याला वलांडी म्हणतात. ताजे बोंबील धुवायचे, दोघांचे जबडे एकमेकांत अडकवायचे आणि ती जोडी दोरीवर टाकायची. एक बोंबील अलीकडे लोंबतो, एक पलीकडे. अशा हजारो जोड्या. पुढचं काम ऊन आणि वारा करतात. माणसाकडे एकच काम उरतं, ते उतरवायचे कधी हे ओळखणं. एक दिवस आधी उतरवले तर पोटाशी ओले राहतात आणि पोत्यात बुरशी धरतात. एक दिवस उशीर झाला तर कडकड मोडतात, हातात नुसता चुरा. म्हणून त्या मैदानावर 'काढा' असं एकच माणूस म्हणतं. गेली एकतीस वर्षं ते माणूस म्हणजे कृष्णाबाई.

ती बोंबलाला हातसुद्धा लावायची नाही. ओळीच्या टोकाला कमरेवर हात ठेवून उभी राहायची आणि वाऱ्यात ते कसे हलतात ते बघायची. ओला बोंबील आळशी. वारा आला तरी तो उशिरा हलतो, आणि हलला की लगेच पुन्हा सरळ उभा. अर्धा सुकला की आधी शेपूट हलतं, मग अंग. पुरा सुकला की अख्खी ओळ एकदम झुलायला लागते, हलकी, पाळण्यातल्या पोराला झोका दिल्यासारखी. मग कृष्णाबाई म्हणायची, "काढा गो." बायका टोपल्या घेऊन धावायच्या. हे शिकवायचं कसं, ते मात्र तिला कधी जमलं नाही. कोणी विचारलं तर म्हणायची, "दिसतंय की डोळ्यांना! आणखी काय सांगू?"

तिच्या हाताखाली आठ वर्षं शीतल होती. शेजारच्या घरातली सून, चौतिशीची, बोलायला कमी आणि कामाला वाघीण. निघताना शीतलने टॅक्सीच्या खिडकीत वाकून सांगितलं, "काकी, तू सांगितल्याबिगर आमी एका बोंबलाला हात लावणार नाय."

ऐकायला किती गोड! पण नाहूरला येईपर्यंत कृष्णाबाईच्या मनात दुसरंच सुरू झालं. तीन महिने म्हणजे अर्धा हंगाम. तीन महिने मैदानावर दुसऱ्याचा आवाज घुमला की बायकांच्या कानांना त्याची सवय होणार. मग आपण परत जाणार, कोणी तरी खुर्ची देणार, चहा देणार, "बस गो काकी" म्हणणार. म्हणजे नाहूरलाही पाहुणी आणि वेसाव्यालाही पाहुणी. गुडघा दुखत होता तो दुखत होताच. हे त्याच्यापेक्षा जास्त दुखत होतं.

पहिले चार दिवस तिने फोनवर कारभार केला.

"शीतल, वारा कसा हाय?"

"हाय."

"हाय म्हणजे कसा?"

"कसा म्हणजे... वाऱ्यासारखा."

"अगो, बोंबील कसे हलतायत?"

"काकी, माझ्या एका हातात फोन, दुसऱ्या हातात टोपली, आन् तू विचारतेस बोंबील कसे हलतायत! हलतायत चांगले. तुझी आठवण काढतायत."

पाचव्या दिवशी तिचा भाचा चंदू मोसंबी घेऊन बघायला आला. चंदूचीही एक कथाच आहे. कोळ्याचा मुलगा, पण होडीत बसला की ओकायचा. बापाने तीन वर्षं त्याला समुद्रावर नेऊन बघितलं, मग हात टेकले. चंदूने जमिनीवरचा धंदा धरला, सोसायट्यांमध्ये कॅमेरे लावायचा. घाटकोपरपासून मुलुंडपर्यंत कोणत्या बिल्डिंगच्या कोणत्या जिन्यात कोण चपला चोरतं, हे त्याला तोंडपाठ. मंडळाच्या मैदानावर त्यानेच बऱ्याच वर्षांपूर्वी चार कॅमेरे लावले होते. रात्रीचे बोंबील गायब व्हायचे, बायका म्हणायच्या चोर, चंदूच्या कॅमेऱ्यात निघाली मांजरं. ते कॅमेरे अजून चालू होते. प्रत्येकाची एक जाड काळी वायर मंडळाच्या खोलीपर्यंत जायची आणि तिथल्या जुन्या टीव्हीवर चार चौकोनांत मैदान दिसायचं.

कृष्णाबाईने मोसंबीकडे बघितलंही नाही.

"चंद्या, त्या टीव्हीत दिसतं ते मला इथं दिसेल का?"

"नाय मावशे. ते कॅमेरे जुने. त्यांची वायर संपली की त्यांचं जग संपलं. नव्या कॅमेऱ्यांचं चित्र नेटवरून कुठंही जातं, पण नवे घ्यायला मंडळ तयार नाय."

"मग वायर लांबव."

"वेसाव्याहून नाहूरला?"

"मुंबईत एवढ्या वायरी लोंबतात, त्यात तुझी एक कुणाला कळणार?"

चंदू इतका हसला की भाविका स्वयंपाकघरातून बाहेर आली. पण घरी जाताना त्याच्या डोक्यात ते वाक्य फिरत राहिलं. वांद्र्याच्या एका ऑफिसने जुनं सामान काढून टाकलं होतं, त्यातला एक डबा त्याने उचलून ठेवला होता. व्हिडिओ सर्व्हर म्हणतात त्याला, अगदी सुरुवातीच्या काळातला. डब्याच्या एका बाजूला गोल तोंडाची चार भोकं, जुन्या कॅमेऱ्यांच्या वायरी पिळून बसवायला. दुसऱ्या बाजूला नेटची वायर लावायला एकच खाच. चंदूने मावशीला फोनवर समजावलं, "तुझ्या कॅमेऱ्यांना वायरचीच भाषा येते, नेटची येत नाय. हा डबा म्हणजे दुभाष्या. इकडचं ऐकणार, तिकडे सांगणार."

"खरं सांगतो ना पण? पदरचं घालत नाय ना?"

"यंत्र आहे मावशे, आपल्या वाड्यातली बाई नाय."

रविवारी चंदू शिडी घेऊन मैदानावर गेला आणि दहा मिनिटांत त्याचा फोन आला. आवाज चढलेला.

"मावशे! दोन नंबरच्या कॅमेऱ्याच्या वायरवर बोंबील वाळत घातलेत! वायर एवढी खाली आली आहे की माझ्या नाकाला लागते. कुणी केलं हे?"

कृष्णाबाईचा आवाज एकदम मऊ झाला.

"चंद्या, ती वायर खांबाखांबाला ताणलेली, वारा चांगला लागतो... दोन वर्षांपूर्वी दोऱ्या कमी पडल्या तेव्हा मीच सांगितलं घालायला. मजबूत हाय हो तुझी वायर!"

चंदूने बोंबील उतरवले, वायर वर ताणली, खारं पाणी लागून हिरवं पडलेलं टोक कापून नवं बसवलं. डबा मंडळाच्या खोलीत लाकडी फळीवर ठेवला. मग नवीच कटकट. डबा एवढा जुना की आजकालच्या मोबाइलशी बोलेना. शेवटी परेशचा माळ्यावर टाकलेला लॅपटॉप खाली काढला, त्याच्यावर चित्र उमटलं. करडं, जरा धुरकट, पण मैदान! वलांडी! शीतलची पाठ! कृष्णाबाईने लॅपटॉपला हात जोडले आणि मग भाविकाला म्हणाली, "ही काच पुसून घे गो, धूळ हाय का चित्रच तसं हाय ते कळू दे."

समोरच्या फ्लॅटमधल्या वसुधाताई, शाळेतून निवृत्त झालेल्या, रोज दुपारी यायला लागल्या. सुरुवातीला त्या वासाची चौकशी करायला आल्या होत्या. त्यांना चित्राच्या कोपऱ्यातली तारीख दिसली.

"अहो कृष्णाबाई, यात दोन हजार एक साल आहे!"

"चंदू बोलला, डब्याचं घड्याळ तिथंच अडकलंय. चालायचं. बोंबलांना साल कळत नाय."

आता कृष्णाबाईचा दिवस भरला. सकाळी चहाबरोबर लॅपटॉप उघडायचा, उशीला टेकून बसायचं, नवा गुडघा स्टुलावर. मग फोन सुरू. "शीतल, ती चौथ्या ओळीत दाटी केलीय, विरळ करा." "शीतल, तो कावळा." "शीतल, माधुरीला सांग, मोबाइल मागाहून बघ." मैदानावरच्या बायकांनी कॅमेऱ्याला नाव ठेवलं, काकीचा डोळा. त्याच्यासमोरून जाताना पदर नीट करायच्या आणि लांब गेल्यावर खिदळायच्या. पाच-सहा सेकंद उशिरा नाहूरला ते खिदळणंही दिसायचं. आवाज तेवढा नाही.

आणि मग त्या गुरुवारी गडबड झाली.

वलांडीवर बोंबलांचा मोठा घाणा होता, मैदानभर. तिसरा दिवस. कृष्णाबाईने दुपारी बघितलं तर बोंबील काय हलत होते! इकडून तिकडे, तिकडून इकडे, टपाटप. एवढे हलके झाले? वारा जोरात असेल. तिने जरा वेळ बघितलं, डोळे बारीक केले, वसुधाताईंनाही विचारलं. त्या म्हणाल्या, "छान नाचतायत हो." कृष्णाबाईने फोन लावला. "शीतल, काढा."

शीतल म्हणाली, "बरं."

चार वाजता कृष्णाबाईने पुन्हा बघितलं. ओळी भरलेल्या. साडेचार, भरलेल्या. फोन लावला, कोणी उचलेना. चित्रात शीतल कमरेवर हात ठेवून ओळीच्या टोकाला उभी होती. अगदी कृष्णाबाई उभी राहायची तशी, त्याच जागी!

बायकांच्या कानांना सवय व्हायला तीन महिने लागतील असं कृष्णाबाईला वाटलं होतं. इथे तर तीन आठवडे झाले होते.

चंदू त्या दिवशी मुलुंडला एका सोसायटीत होता. त्याला फोन गेला, "गाडी घेऊन ये."

"मावशे, डॉक्टर..."

"डॉक्टर बोंबील विकतात काय?"

भाविकाने अडवून बघितलं, मग तिनेच काठी हातात दिली आणि चंदूला सांगितलं, "परत आणून सोडायची, हं." डोक्यावर शिडी बांधलेल्या चंदूच्या छोट्या गाडीतून कृष्णाबाई वेसाव्याला निघाली. रस्ताभर चंदूशी एक शब्द बोलली नाही. लॅपटॉप मात्र मांडीवर.

मैदानावर बायका बाजूला सरल्या. कोणीतरी कोरड्या वाळूवर प्लॅस्टिकची खुर्ची आणून ठेवली. कृष्णाबाईला त्या खुर्चीचाच राग आला, पण पाय दुखत होता, बसली.

"मी काय सांगितलं होतं?"

वलांडीवरून एक जोडी सोडवून शीतलने कृष्णाबाईच्या हातात ठेवली. कृष्णाबाईने अंगठ्याने पोट दाबलं. आत मऊ. अंगठा ओला झाला.

तिने दुसरी जोडी मागितली. तीही तशीच.

सगळ्या बायका बघत होत्या. एकतीस वर्षांत तिने 'काढा' म्हटलेला बोंबील असा ओला निघाला नव्हता.

"हे पोत्यात गेले असते," कृष्णाबाई हळू म्हणाली.

"गेले असते."

"मग मला सांगितलं का नाय?"

आता शीतलची जीभ सुटली. "काय सांगणार? तू कधी चुकली नाय. फोनवर सगळ्यांच्या समोर तुला चुकलीस म्हणू? त्यापरीस गप बसले. उद्या काढणार होते आन् सांगणार होते की टोपल्या नव्हत्या."

"म्हणजे माझ्याशी खोटं बोलणार होतीस."

"हो. मोठ्या माणसाशी बोलतात तेवढंच."

मागे कोणी तरी फिस्सकन हसलं. कृष्णाबाईनेही ओठ घट्ट दाबून धरले, कारण तिलाही हसू येत होतं आणि रागही पुरता गेला नव्हता. तिने वलांडीकडे बघितलं. खऱ्या वाऱ्यात बोंबील जड हलत होते, शेपट्या तेवढ्या सुटल्या होत्या. अगदी स्पष्ट. लहान पोरालाही कळलं असतं. मग तिथे नाहूरला मला काय दिसलं?

काठी टेकत ती मंडळाच्या खोलीत गेली. जुन्या टीव्हीवर मैदान दिसत होतं. बोंबील तसेच, आळशी. तिने लॅपटॉप उघडायला लावला. त्यात तेच बोंबील टपाटप उड्या मारत होते.

"चंद्या, इकडे ये. टीव्हीत जड हलतायत. तुझ्या डब्यातून गेले की उड्या मारतायत. कॅमेरा तोच, बोंबील तेच. मधे तो तुझा दुभाष्या काय बोलतोय?"

चंदूने एकदा टीव्हीकडे बघितलं, एकदा लॅपटॉपकडे, आणि कपाळावर हात मारला.

"वाट लागली! मावशे, माझी चूक."

झालं होतं ते असं. हलतं चित्र म्हणजे एका सेकंदाला पंचवीस वेगवेगळी चित्रं, एकापाठोपाठ. त्या जुन्या डब्याची ताकद सगळी मिळून तेवढीच, आणि ती चार कॅमेऱ्यांत वाटायची. त्यात मंडळाचं नेट मरतुकडं. म्हणून चंदूने सोसायट्यांमध्ये करतो तेच केलं होतं, प्रत्येक कॅमेऱ्याला सेकंदाला एकच चित्र.

"चोराला तेवढं पुरतं गं. एका सेकंदात चोर जाऊन जाणार कुठे? चेहरा आला की झालं. मी चोराचा विचार केला, बोंबलाचा केलाच नाय."

म्हणजे बोंबील हळूच इकडून तिकडे जायचा, आणि मधलं सगळं जाणं डबा गिळून टाकायचा. नाहूरला पोचायचं ते फक्त इकडे आणि तिकडे. जड हलणं दिसायचं हलकं.

"अरे, मी चोर पकडायला बसले होते काय तिथं?" कृष्णाबाई म्हणाली. "मला ते मधलंच बघायचं असतं!"

चंदू डब्याच्या सेटिंगमध्ये शिरला. दोन नंबरचा कॅमेरा वलांडीसमोरचा. त्याला सेकंदाला वीस चित्रं दिली, आणि नेटला झेपावं म्हणून चित्र जरा बारीक केलं. उरलेल्या तिघांना थोडंथोडं.

"त्या तिघांचे हाल होतील का रं?"

"तिकडे मांजरंच येतात, मावशे. त्यांना मारू दे उड्या."

लॅपटॉपवर बोंबील जड हलायला लागले. टीव्हीसारखे, जरा उशिरा, पण तसेच. बायका दारात गर्दी करून बघत होत्या. शीतल सगळ्यांच्या मागे होती. कृष्णाबाईने तिला काठीने खूण करून पुढे बोलावलं.

"कुठून कळलं तुला ओले हायत ते? हात लावलास?"

"नाय. हलण्यावरून."

"कुणी शिकवलं?"

"आठ वर्षं तुझ्या बाजूला उभी हाय ना. तू बोंबील बघायचीस, मी तुझं तोंड बघायचे."

भाविकाने परत आणायचं वचन घेतलं होतं, म्हणून चंदूने कृष्णाबाईला गाडीत बसवलं. जाताना रस्ताभर ती बडबडत होती, चंदूचं लग्न का जमत नाही यावर.

दुसऱ्या दिवशी दुपारी नाहूरला तीन वाजता वसुधाताई येऊन बसल्या, भाविकाने चहा ठेवला, आणि शीतलचा फोन आला.

"काकी, काढू?"

कृष्णाबाईने चित्रात बघितलं. ओळी एकदम, हलक्या झुलत होत्या. 'काढा' तिच्या जिभेवर आलंच होतं. पण ती थांबली.

"तुला काय दिसतंय?"

"तुझ्या कॅमेऱ्यातल्या ओळी झाल्या. खाडीकडची शेवटची ओळ अजून जड हाय, तिला सावली पडते."

"ती ओळ मला दिसत नाय इथून."

"मला दिसते."

"मग मला कशाला विचारतेस गो? तुझं तोंड हाय ना? बोल की!"

चित्रात शीतलने फोन कमरेला खोचला, ओळीच्या टोकाला गेली आणि हात वर केला. तिचं तोंड उघडलं. काय म्हणाली ते ऐकू आलं नाही, पण टोपल्या घेऊन बायका धावल्या, शेवटची ओळ सोडून.

"काय झालं?" वसुधाताईंनी विचारलं.

"काढले," कृष्णाबाई म्हणाली आणि चष्मा काढून पदराने पुसत बसली. चांगला स्वच्छ होता तो.

पुन्हा घातला, चित्राजवळ वाकली आणि एकदम फोन उचलला.

"शीतल! ती माधुरी जबडे ओढून तोडतेय, तिला म्हणावं सोडवून काढ, सोडवून! आन् त्या दुसऱ्या टोपलीत एवढे दाबू नका. आन् पोती झटकलीत का आधी? मला काय ती झटकताना दिसली नाय!"

पाच-सहा सेकंदांनी चित्रातली शीतल वळली, कॅमेऱ्याकडे सरळ बघितलं, आणि तिने डोक्याच्या वर हात नेऊन कोपरापासून नमस्कार केला. मैदानातल्या सगळ्या बायका हसून वाकल्या. वीस चित्रांत वीसही वेळा.